चालकाशी बोलू नये

बस आली की माणूस आधी नंबर बघतो, मग गर्दी बघतो, मग रिकामी जागा बघतो. ड्रायव्हरकडे कोण बघतं? खरं सांगा, आज सकाळी तुम्ही ज्या बसने आलात तिच्या ड्रायव्हरला मिशी होती का? नाही ना आठवत? कुणालाच आठवत नसतं. यात तुमचं काही चुकलं असं मी म्हणत नाही. पण ही साधी गोष्ट ब्रेकमामांना निवृत्त होईपर्यंत कुणी सांगितली नव्हती, आणि सगळा घोटाळा तिथेच झाला.

ब्रेकमामा हे नाव डेपोतलं. बाकीचे ड्रायव्हर ब्रेक मारायचे, मामा ब्रेक लावायचे. गाडी कधी थांबली ते उभ्या माणसालाही कळायचं नाही. डेपोतली पोरं चिडवायची, "मामा, बस चालवताय की पाळणा हलवताय?" मामा म्हणायचे, "मागे माणसं बसलीत रे, बटाट्याची पोती नाहीत!" आणि आपले काच पुसायला लागायचे.

मामांची गाडी सकाळची. वर्षानुवर्षं तोच रस्ता आणि तीच माणसं. त्या बसमध्ये मागच्या दाराने चढायचं, मशीनला कार्ड टेकवायचं आणि मधल्या दाराने उतरायचं. ड्रायव्हरची केबिन अगदी पुढे, काचेने बंद केलेली, तिला स्वतःचं वेगळं दार. मामांच्या डोक्यामागच्या काचेवर पाटी होती: ‘चालकाशी बोलू नये’. आता मामा नियमाचे इतके पक्के, की चालकानेही बोलू नये असाच त्यांनी तिचा अर्थ लावला होता. तेव्हा प्रवाशांना मामा दिसायचे ते फक्त मागून. रुंद मान, तिच्यावर दोन आडव्या घड्या, घड्यांच्या मधोमध एक ठसठशीत तीळ, आणि दोन्ही बाजूंना सुपासारखे कान.

मामांना मात्र आरशातून सगळं दिसायचं.

आणि मामा बघायचे हो! वाईट नजरेने नाही, घरातलं माणूस घरातल्या माणसांकडे बघतं तसं. बायको जाऊन बरीच वर्षं झालेली, मुलगी लग्न होऊन दूरच्या शहरात. घरी कोण होतं बघायला? मग ही आरशातली माणसंच मामांनी आपली करून टाकली. त्यांना नावंसुद्धा ठेवली. एक बाई रोज खिडकीशी बसून लिपस्टिक लावायची, ती लिपस्टिकबाई. तिने डबी उघडली की मामा खड्डा चुकवण्यासाठी जिवाचं रान करायचे. एक तरुण होता, बसला रे बसला की मान टाकायचा. तो डुलकी. त्याचा स्टॉप आला की मामा, जन्मात कधी धक्का न देणारे मामा, मुद्दाम एक बारीकसा धक्का द्यायचे. डुलकी दचकून उठायचा, धडपडत उतरायचा. आपण रोज बरोब्बर वेळेवर कसे जागे होतो याचं त्याला स्वतःलाच मोठं कौतुक असावं. आणि एक आजी. गुडघे धरलेले, हातात ही भलीमोठी पिशवी. त्या बसून, पिशवी मांडीवर घेऊन, ‘हुश्श’ करेपर्यंत मामा गाडी हलवायचेच नाहीत. मागचे हॉर्न मारेनात का.

आणखी एक गोष्ट. पाण्याच्या टाकीपाशी रस्ता असा काही वळतो की उभा माणूस शेजारच्याच्या मांडीत जाऊन पडावा. बोलायची तर बंदी! मग मामा काय करायचे, वळण यायच्या जरा आधी डावा हात खांद्यावर उचलायचे, पंजा उघडा. धरा, म्हणून. रोजच्या माणसांना ते इतकं अंगवळणी पडलं होतं की हातातला फोन न सोडता दुसऱ्या हाताने दांडा पकडायची. कुणी नवखा असला तर शेजारचा सांगायचा, "धरा हो, हात वर गेला."

शेवटच्या दिवशीही मामांनी हात वर केला, माणसांनी दांडे धरले, गाडी वळली. आज शेवटचा दिवस, हे सांगणार कसं? पाटी होती ना. डेपोत एक भिंतीवरचं घड्याळ मिळालं, साहेबांनी खांद्यावर हात ठेवला, पोरांनी फोटो काढले. संपलं.

आणि मग ते रिकामपण. मामांची खोली चौथ्या मजल्यावर. शेजारी कोण राहतं ते मामांना दारावरच्या चपलांवरून माहीत. सकाळी जाग यायची ती जुन्याच वेळेला. चहा घेऊन पलंगाच्या कडेवर बसले की डावा पाय आपोआप जमिनीवर दाबला जायचा, क्लच समजून. मामा त्या पायाला म्हणायचे, "गप बस की आता." दिवसभरात बोलणं व्हायचं ते एवढंच.

रविवारी मुलीचा फोन आला. "बाबा, आता या इकडे. खोली सोडून द्या. एकटे काय करता तिथे?"

"मी तिथे येऊन काय करू चिमे? जावईबापूंच्या सोफ्यावर बसू?"

"बसा की! त्यांची काही तक्रार नाही. उगाच फाटे फोडू नका. मला एक सांगा, तिथे तुमचं आहे कोण आता?"

हा प्रश्न मामांना झोंबला. खरंच झोंबला. ते तावातावाने म्हणाले, "कोण म्हणजे? अख्खी बस आहे माझी! सगळी माणसं ओळखतात मला."

"ओळखतात?" मुलगी म्हणाली. "मग भेटा तरी त्यांना कधी."

आता हे ती सहज म्हणाली की चिमटा काढला, देव जाणे. पण मामांच्या डोक्यात ते पक्कं बसलं. दुसऱ्याच दिवशी सकाळी त्यांनी ठेवणीतला कोट काढला. उभ्या कॉलरचा, गळ्यापर्यंत बटणं असलेला. दाढी केली, केसांना तेल लावलं आणि लग्नाला निघाल्यासारखे स्टॉपवर जाऊन उभे राहिले. कोण आधी ओळखेल? आजी ओळखतील. नाही, लिपस्टिकबाई. तिची नजर मोठी तेज आहे.

बस आली. मामा आयुष्यात पहिल्यांदा मागच्या दाराने चढले. गाडी इतकी लांब असते हे त्यांना तेव्हा कळलं. आजी त्या दिवशी आल्याच नव्हत्या. पण लिपस्टिकबाई खिडकीशी बसली होती आणि तिच्यासमोरची जागा रिकामी होती. मामा समोर बसले, तिच्याकडे बघून ओळखीचं हसले. ती खिडकीबाहेर बघायला लागली. मामा पुन्हा हसले. तिने पर्स जवळ ओढली.

आणि मग मामांनी तोंड उघडलं. इतक्या वर्षांचं साठलेलं, त्यातलं नेमकं नको ते बाहेर पडलं.

"आज तपकिरी लावलीत? सोमवारी तर लाल असते तुमची!"

झालं! ती बाई ताडकन उभी राहिली. "कोण तुम्ही? माझ्यावर पाळत ठेवता? लाज नाही वाटत, या वयात?"

"अहो नाही, नाही, ताई, तसं नव्हे," मामांची बोबडी वळली. "मी... मी ड्रायव्हर आहे तुमचा!"

"ड्रायव्हर?" तिने बोट पुढे केलं. "ड्रायव्हर तो काय तिथे बसलाय. काहीही सांगाल का?"

तिथे खरोखरच ड्रायव्हर बसला होता. नवा गडी, कानात वायरी घातलेला, टाकीचं वळण उधळलेल्या बैलासारखं घेणारा. हात वर नाही, काही नाही. चार माणसं एकमेकांच्या अंगावर गेली, एकाचा डबा घरंगळत पार मागच्या दारापर्यंत गेला. लोक चरफडले आणि पुन्हा फोनमध्ये शिरले.

माणसाने शहाणपणा करावा आणि तिथेच उतरावं. पण मामांना समोर डुलकी दिसला, मान टाकून झोपलेला, आणि त्याचा स्टॉप तोंडावर आलेला. मामांना राहवेना. त्यांनी त्याचा खांदा हलवला. "उठा उठा, तुमचा स्टॉप आला."

डुलकी दचकून उठला आणि पहिल्यांदा काय केलं असेल, तर खिसा चाचपला. मग मामांकडे बघितलं. "तुम्हाला काय माहीत माझा स्टॉप?" उत्तराची वाट न बघता तो उतरला, आणि उतरल्यावरही काचेतून मामांकडे संशयाने बघत राहिला.

मामा पुढच्या स्टॉपला उतरले आणि चालत घरी आले. बराच लांबचा पल्ला होता, पण पुन्हा बसमध्ये चढायची हिंमत नव्हती. वाटेत त्यांना सगळं उमगलं. आरसा एकाच बाजूने बघू देतो. इतकी वर्षं आपण या माणसांबरोबर राहिलो, पण ती आपल्याबरोबर कधी राहिलीच नव्हती. ती ऑफिसला चालली होती, बस. आपणच वेडे. घरी येऊन त्यांनी कोट खुंटीला लावला आणि अंधार पडेपर्यंत पलंगावर बसून राहिले. खूप एकटं वाटलं त्यांना. बायको गेली तेव्हाही इतकं वाटलं नव्हतं, कारण तेव्हा दुसऱ्या आठवड्यात आरशासमोर जाऊन बसता आलं होतं.

रविवारी त्यांनीच मुलीला फोन लावला. "चिमे, येतो मी. खोली सोडतो."

मुलगी इतकी आनंदली की बाबांचा आवाज उतरलाय हे तिच्या ध्यानातच आलं नाही. मग एकदम म्हणाली, "बाबा, बरे आहात ना? बसमधली माणसं भेटली?"

"कामात असतात गं लोक," मामा म्हणाले.

सामान बांधायला वेळ लागला नाही, कारण सामानच किती होतं? दोन बॅगा, बायकोचा फोटो आणि ते घड्याळ. घरमालकाला सांगून झालं. मुलीकडे जायचं म्हणून आदल्या दिवशी सलूनमध्ये जाऊन केस बारीक कापून घेतले, मान साफ करून घेतली. एकच काम उरलं होतं. डेपोची वर्दी आणि केबिनची किल्ली परत करायची होती. डेपो रस्त्याच्या शेवटच्या टोकाला, आणि तिकडे जाणारी बस तीच.

यावेळी मामांनी कोट घातला नाही. घरातलाच जुना सदरा, कॉलर विरून मऊ झालेली. कुणाच्या डोळ्याला डोळा भिडवायचा नव्हता, म्हणून चढल्याबरोबर खाली मान घालून थेट पुढे गेले आणि केबिनच्या काचेला लागून एकट्याची जी सीट असते तिथे बसले. सगळ्यांकडे पाठ. समोर काच, काचेपलीकडे नवा गडी, आणि नाकासमोर ती पाटी: ‘चालकाशी बोलू नये’. वर्दीची पिशवी मामांनी मांडीवर घट्ट धरली. एवढा रस्ता संपू दे, असं मनाशी म्हणत होते.

पुढच्या स्टॉपला आजी चढल्या. मामांनी मागे बघितलं नाही, पण पिशवी टेकल्याचा आवाज ओळखला. नव्या गड्याने त्या बसायच्या आधीच गाडी काढली. "अगं आई गं!" असं आजी म्हणाल्या आणि कुणीतरी त्यांना धरून बसवलं. मामांनी दात आवळले. आता आपला काय संबंध?

दुकानं मागे पडली. शाळा मागे पडली. पाण्याची टाकी दिसायला लागली.

आणि मामांचा डावा हात वर गेला.

मामांनी उचलला नाही हो, शपथेवर सांगतो. तो आपला आपण गेला, जसा घरात पाय क्लच दाबायचा तसा. खांद्यावर उचललेला, पंजा उघडा. मामांच्या ते लक्षात आलं तेव्हा ते शरमेने पाणी पाणी झाले. आता पुन्हा शोभा होणार! हात खाली घ्यावा तर तेवढ्यात मागून आवाज आला. खट, खट, खट. दांड्यांवर हात पडत होते. अंगठ्या धातूवर वाजत होत्या, कड्या ताणून करकरत होत्या. अख्ख्या बसने धरलं होतं. नव्या गड्याने वळण घेतलं ते त्याच्या पद्धतीने, दाणकन. पण कुणी कुणावर पडलं नाही. डबा घरंगळला नाही.

मग जो तो दांड्यावरच्या आपल्याच हाताकडे बघायला लागला. आपण का धरलं हे प्रत्येकजण शोधत असावा.

"अगं बाई!" आजींचा आवाज आला. "ही मान तर ओळखीची आहे!"

मामांनी हात झटकन खाली घेतला आणि पिशवी आणखी घट्ट धरली.

"तोच तो तीळ! आणि तेच कान! अरे, तूच ना रे आमचा ड्रायव्हर?" पिशवी सरकली, आणि गुडघे धरलेल्या त्या आजी चालत्या गाडीत दांडे धरत धरत पुढे आल्या. "कुठे मेला होतास इतके दिवस? या नव्या मुलाला मी काच ठोकून विचारलं, आमचा तो तिळाचा माणूस कुठे गेला म्हणून. तर हा मला पाटी दाखवतो! मला वाटलं गेलास की काय तू! दोन दिवस धड जेवले नाही रे मी."

"तीळकाका?" मागून दुसरा आवाज आला. तो लिपस्टिकबाईचा होता. ती पुढे येऊन मामांच्या खांद्यामागे उभी राहिली, आणि तिचा आवाज पार उतरला होता. "काका, त्या दिवशी... देवा! ते तुम्ही होतात? मी काय काय बोलले तुम्हाला! पण तुम्ही समोरून आलात ना काका. आम्ही तुम्हाला समोरून कधी बघितलंच नव्हतं. आणि त्यात तो कोट, गळ्यापर्यंत! एकदा पाठ दाखवली असतीत तर लगेच ओळखलं असतं."

यावर कुणीतरी खो खो हसलं, आणि मग बसमध्ये हसू पसरत गेलं. एक जण म्हणाला, "आम्ही आपसात तुम्हाला तीळकाकाच म्हणतो. नवा ड्रायव्हर आला त्या दिवसापासून आमची हाडं खिळखिळी झालीत." दुसरी एक मुलगी म्हणाली, "मी तर गाडी येताना लांबूनच वाकून बघते, आज तरी तुम्ही आहात का." म्हणजे बघा, मामांना वाटत होतं की आपणच या लोकांना नावं ठेवली. त्यांनी तर मामांचं बारसं कधीच उरकून टाकलं होतं.

या गडबडीने डुलकीची झोप मोडली. कसला आरडाओरडा आहे ते त्याने शेजाऱ्याला विचारलं, आणि ऐकून चटकन उठून आला. "काका! तो धक्का! माझ्या स्टॉपवरचा तो धक्का तुम्ही द्यायचात? मुद्दाम?"

मामांनी काचेकडे बघतच मान हलवली. हो.

"तरीच!" तो म्हणाला. "तुम्ही गेल्यापासून रोज पुढच्या स्टॉपला उतरून पळत मागे येतोय मी. साहेबांच्या शिव्या खातोय. आणि त्या दिवशी तुम्ही हाताने उठवलंत, तर मी खिसा बघितला. मला जोड्याने मारा, काका."

"अरे, ते सगळं राहू दे," आजींनी सगळ्यांना गप्प केलं. "आधी इकडे वळ बघू तू. इतकी वर्षं तुझ्या भरवशावर डोळे मिटून बसले मी, आणि तुझं तोंड कसं आहे हे मला माहीत नाही. वळ ना रे बाबा."

मामा वळेनात. त्यांच्या मानेवरच्या दोन घड्या हलत होत्या. वळणार कसे? तोंड बघायच्या लायकीचं राहिलं होतं का? नाक, डोळे, सगळं वाहत होतं. रुमाल शोधायला खिशात हात घातला तर हातात फोन आला, आणि तो नेमका तेव्हाच वाजत होता.

"बाबा, निघालात का? बॅगा भरल्यात ना सगळ्या?" मुलगी विचारत होती. "हॅलो? कुठे आहात? कसला गोंधळ आहे तिथे? कोण आहे तुमच्याबरोबर?"

मामांनी सदऱ्याच्या बाहीने तोंड पुसलं, दांडा धरला आणि सीटवर बसल्या बसल्या हळूहळू वळले. सगळी बस त्यांच्याकडे बघत होती. आरशाशिवाय, सरळ.

"बॅगांचं जरा थांब, चिमे," ते म्हणाले. "मी गाडीत आहे. माझी माणसं आहेत बरोबर. आज पहिल्यांदाच भेटतोय आम्ही."

"बाई गं," आजी शेजारणीला सांगत होत्या, "मिशीपण आहे की याला!"